नको म्हणायचं नाही

“मंडळी, आज एक शब्द बंद,” हिंदुराव म्हणाले. “‘नको’. पुढ्यात आलेल्याला नको म्हणायचं नाही. तिखट लागलं तर रडा, पोट भरलं तर पट्टा सैल करा. पण नको म्हणायचं नाही. कोल्हापुरात हाय तुम्ही.”

भवानी मंडपाच्या कमानीपाशी आम्ही घोळक्यानं उभे होतो. ठाण्याचे बर्वे पती-पत्नी, औषध कंपनीत नोकरी करणारे लातूरचे दोघे तरुण, मी आणि माझी भाची धनू. हिंदुराव आमचे गाईड. एके काळचे पैलवान. गुडघे गेले म्हणून कुस्ती सुटली, पण छाती तशीच राहिली होती. फूड वॉकवाल्यांनी दिलेला केशरी टी-शर्ट त्या छातीवर इतका ताणला होता की त्यावरची अक्षरं वाचायला कष्ट पडत नव्हते.

निघताना आमच्या ह्यांनी मला सोडलं नव्हतंच. “जन्म इथं गेला, आणि आता आपल्याच गावात हिंडायला माणूस लावलास? उद्या स्वयंपाकघरात जायला पण गाईड घे.”

“घेईन,” म्हटलं. “तो निदान मीठ कमी आहे म्हणून ओरडणार नाही.”

मला त्या दिवशी कुणी काहीही बोललं असतं तरी चाललं असतं. कारण ही खाण्याची फेरी धनूनं स्वतः सुचवली होती. धनूनं!

धनश्री माझ्या धाकट्या बहिणीची, उजूची, एकुलती एक. पुण्याला इंजिनियरिंगला होती. चार दिवसांपूर्वी तिला आणायला मी स्टँडवर गेले, तर गाडीतून एक पोरगी उतरली आणि मी तिच्या मागून धनू उतरते का ते बघत राहिले. “मावशी, अगं मी,” ती म्हणाली, तेव्हा कुठं माझी नजर तिच्यावर थांबली. गळ्याची हाडं वर आली होती. उन्हाळ्यात अंगात स्वेटर होता.

उजूनं आधीच फोनवर सांगितलं होतं. “अक्का, डॉक्टर म्हणतायत ॲडमिट करा. ती म्हणते, मी बरी आहे, तुम्हीच माझ्या जेवणाच्या मागे लागलाय. घरात रोज रडारड. हे म्हणाले, शेवटचं एकदा अक्काकडे पाठवून बघू. तुझ्या हातचं टाळलेला माणूस मी तरी बघितला नाही. तिथं खाल्लं तर ठीक. नाहीतर सोमवारी नेऊन ठेवते.”

डॉक्टरांनी सांगितलं दवाखाना आणि आम्ही धाडली मावशीकडे. आमच्याकडे दुखणं कुठलंही असो, पहिल्यांदा त्याला जेवायला वाढून बघतात.

मी पण वाढून बघितलं. आंबोळ्या केल्या, खीर केली, पुरणाचे कडबू केले. ती ताटात घास इकडचा तिकडे करायची, भाताचे छोटे छोटे ढीग करायची आणि म्हणायची, “पोट भरलं, मावशी. खरंच.” तोंडावर इतकं गोड हसू, की रागावायचीही सोय नाही. आणि मग शुक्रवारी सकाळी तिनंच फोन पुढं केला. “हे बघ ना. जुन्या पेठांमधून फिरवतात आणि खायला घालतात. आपण दोघी जाऊया? आईला फोटो पाठवू.”

मी देवाला साखर ठेवली.

पहिला मुक्काम खासबागेजवळ, भेळेच्या गाड्यावर. भडंग, कांदा, वरून कच्च्या कैरीच्या फोडी. हिंदुरावांनी सगळ्यांच्या हातात द्रोण दिले. बर्वेबाईंनी चमच्याच्या टोकावर दोन दाणे घेतले आणि त्या म्हणाल्या, “आमच्याकडे भेळ थोडी गोडसर असते हो.”

“ती भेळ नव्हं बाई, तो प्रसाद,” हिंदुराव म्हणाले.

लातूरची पोरं खो खो हसली. मी मात्र धनूकडे बघत होते. ती खात होती. चमचा भरून, चावून, गिळून. द्रोण रिकामा झाला तेव्हा तिनं तो माझ्यासमोर उपडा करून दाखवला, लहान मुलं दाखवतात तसा.

“फोटो काढ की,” ती म्हणाली.

मी काढला. एक भरल्या द्रोणाचा होताच, हा रिकाम्याचा. दोन्ही उजूला पाठवले. उजूचं उत्तर लगेच आलं. नुसते जोडलेले हात, ओळभर.

“हात धुऊन येते,” धनू म्हणाली आणि मागच्या बाजूला गेली.

“किती टापटीप आहे हो मुलगी,” बर्वेबाई म्हणाल्या. “आमची सून जीन्सला पुसते.”

तिथून आम्ही बिनखांबी गणेशाकडे वळलो. हिंदुराव पुढं चालत सांगत होते, कुठली तालीम कुणाची, कुठल्या पेठेचं कुठल्या पेठेशी भांडण आणि ते गणपतीत कसं मिटतं आणि गणपतीतच कसं पुन्हा सुरू होतं. धनूनं माझ्या हातात हात घातला होता. हात कसला, काडी होती ती. पण मला वाटलं, भेळेनं थोडी ऊब आली असेल.

“मावशी, तुला आठवतं, तू मला हातावर वाढायचीस?”

“म्हणजे काय! आमच्या आण्णांची शिकवण.” आण्णा म्हणजे माझे वडील. आमच्या माहेरी पंगतीत कुणी पोट भरलं म्हणून पानावर हात आडवा धरला, तर वाढणारा थांबत नसे. त्या हातावरच वाढायचं. हात चिकट झाला की माणूस आपोआप खातो, असं आण्णा म्हणायचे. लग्नकार्यात लोक त्यांच्या हातची जिलबी चुकवायला पानावर अक्षरशः आडवे व्हायचे.

“मी दोन्ही हात पसरायचे ताटावर,” धनू म्हणाली. “तू त्यावर शिरा घालायचीस. गरम असायचा.”

“मग खायचीस की.”

“हो. मग खायचे.”

रिक्षा आडवी आली म्हणून आम्ही बाजूला झालो आणि बोलणं तिथंच राहिलं.

दुसरा मुक्काम लोणी डोशाचा. तव्यावर पांढऱ्या लोण्याचा गोळा पडला की चर्र आवाज व्हायचा आणि लातूरची पोरं “आह” म्हणायची. धनूनं एक डोसा संपवला. हिंदुरावांनी विचारलं, “अजून एक?” आणि मी तिच्या तोंडाकडे बघितलं.

“चालेल,” धनू म्हणाली.

“आगं बाबौ! ही खरी पैलवानीण,” हिंदुरावांनी आरोळी ठोकली. “बर्वेसाहेब, बघून घ्या. एवढीशी पोर, पण नाद करायचा न्हाई.”

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मी पण. फोटोत धनू दुसऱ्या डोशामागून हसत होती. उजूनं आता लिहिलं होतं, “अक्का, देव पावला गं.” मी ते धनूला दाखवलं. तिनं ते वाचलं, फोन मला परत दिला आणि म्हणाली, “हात धुऊन येते.”

या वेळी यायला तिला बराच वेळ लागला. हिंदुरावांचा तालमींचा इतिहास संपून पुन्हा पहिल्या तालमीवर आला. बर्वेबाईंनी घड्याळ बघितलं. मी म्हटलं, “रांग असेल हो.” मलाही तसंच वाटत होतं. ती आली तेव्हा कपाळावरचे केस ओले होते आणि तिनं तोंडात बडीशेप टाकली होती. “तोंडही धुतलं,” म्हणाली. “किती उकडतंय.” अंगातला स्वेटर तसाच होता.

मिसळीचं हॉटेल महाद्वार रोडच्या एका बोळात होतं. बाकं अरुंद, भिंतीवर देवांचे फोटो आणि त्यांच्यामध्ये मालकाच्या वडिलांचा, देवांपेक्षा थोडा मोठा. कट वेगळ्या भांड्यात आला, लाल, वर तर्री तरंगत असलेला. “ओता की वं, लाजताय व्हय?” हिंदुराव सगळ्यांच्या ताटलीत स्वतः ओतत फिरले. धनूच्या ताटलीत त्यांनी दोनदा ओतला. आणि मी, कुणी सांगितलं नव्हतं तरी, माझ्यातला पाव उचलून तिच्या ताटलीत ठेवला.

तिनं सगळं खाल्लं. भरभर. जेवणाऱ्या माणसाचा एक घास आणि दुसरा घास यांत जी जागा असते, ती नव्हती. मला ते दिसलं, पण मी त्याला भूक म्हटलं. इतक्या महिन्यांची भूक आहे पोरीला, म्हटलं.

“हात धुऊन येते.”

ती गेल्यावर माझ्या पदरावर कट सांडला. चूक लातूरच्या पोराची, तो कोपर काढून फोटो घेत होता. हळदीचा डाग लगेच धुतला नाही तर बसतो, म्हणून मी उठले आणि मागच्या मोरीकडे गेले. मोरीच्या पलीकडं पत्र्याचं दार होतं. आतला नळ पूर्ण सोडलेला होता. पाणी बादलीच्या बाहेर वाहत होतं, दाराखालून माझ्या चपलेपर्यंत आलं होतं.

नळाच्या आवाजाखाली दुसरा आवाज होता.

मी काय ऐकलं ते सांगायला फार शब्द लागत नाहीत. माणूस आजारी पडून उलटी करतो तेव्हा मधे कण्हतो, देवाचं नाव घेतो, कुणाला तरी हाक मारतो. आतून तसलं काही येत नव्हतं. रोजचं काम उरकावं तसं ते चाललं होतं. मग थांबलं. मग नाक शिंकरणं, चूळ भरणं, आणि तिची ती ओळखीची बारीक गुणगुण. काम संपल्यावर गुणगुणायची सवय तिला आमच्या घरातूनच लागलेली.

म्हणजे भेळेनंतरही. डोशानंतरही. टाळ्या वाजवल्या होत्या आम्ही.

मी डाग न धुता बाकावर येऊन बसले. धनू आली. डोळे लाल, कडांना पाणी.

“लागली मिसळ!” हिंदुराव ओरडले. “डोळ्यांतनं पाणी काढलं का न्हाई?”

“खूप तिखट होती,” ती हसत म्हणाली. सगळे हसले. माझ्या मांडीवरच्या फोनमध्ये रिकाम्या ताटलीचा फोटो होता. तो पाठवायचा राहिला होता. मी फोन पालथा केला.

बोळातून बाहेर पडल्यापासून गंगावेशीपर्यंत मी काय बोलले मला आठवत नाही. बर्वेबाईंनी मला कांदा-लसूण मसाल्याचं प्रमाण विचारलं आणि मी ते दिलं, एवढं खरं. त्या मसाल्याचं काय झालं असेल देव जाणे. धनू पुढं हिंदुरावांच्या बरोबरीनं चालत होती, काहीतरी विचारत होती, ते हातवारे करून डाव समजावत होते. लांबून बघणाऱ्याला वाटलं असतं, काय आनंदी पोरगी आहे.

गंगावेशीचा दूध कट्टा म्हणजे रस्त्याच्या कडेला ओळीनं उभ्या म्हशी. गिऱ्हाईक आलं की त्याच्यादेखत धार काढायची, फेसाळ, कोमट दुधाचा ग्लास त्याच्या हातात. पैलवानांची जुनी सवय. आता सगळं गाव येतं.

“हा शेवटचा मुक्काम,” हिंदुराव म्हणाले. “मिसळीची आग इथं विझवायची. धार ग्लासात पडली की ग्लास परत जात न्हाई बरं का. म्हशीचा अपमान हुतोय.”

बर्वेबाई नाक मुरडून प्यायल्या आणि मग दुसरा मागितला. लातूरची पोरं मिशी पांढरी करून फोटो काढत होती. गवळ्यानं धनूसाठी ग्लास भरला. काठोकाठ, वर फेस. धनूनं हात पुढं केला.

“ती घेणार नाही,” मी म्हणाले.

हिंदुरावांना वाटलं मी चेष्टा करतेय. “आसं कसं ताई? पैलवानीण हाय ती!”

“तिला नको आहे.”

“‘नको’ बंद हाय आज,” बर्वेसाहेब हिंदुरावांच्या सुरात हसत म्हणाले.

“असू दे बंद.”

मी हे फार मोठ्यानं म्हटलं असणार, कारण गवळी म्हशीच्या पोटाआडून वर बघायला लागला. आयुष्यात मी कुणाच्या पुढ्यातलं काढून घेतलं नव्हतं. पाहुण्यांना काय, दारातल्या कुत्र्यालासुद्धा आमच्याकडे “अजून घाल” असंच होतं.

धनूनं गवळ्याच्या हातातून ग्लास घेतला. चेहऱ्यावर तेच गोड हसू. “मावशी काहीतरीच. काढ ना फोटो. आईला पाठव.”

“नाही काढणार.”

“का?”

“मघाशी मी मोरीपाशी होते, धनू.”

हसू लगेच गेलं नाही. थोडा वेळ तसंच राहिलं, घरात कुणी नसताना चालू राहिलेल्या दिव्यासारखं. मग ओठ मिटले. तिनं माझ्याकडे बघत ग्लास तोंडाला लावला आणि एका दमात संपवला. घोट घेतलेला दिसत नव्हता, नुसता गळा हलत होता.

“झालं?” ती म्हणाली. “प्यायले. बघितलंस ना? आता लिही आईला.”

हिंदुरावांनी माझ्याकडे बघितलं, धनूकडे बघितलं. त्यांना काय कळलं आणि किती, ते मला माहीत नाही. त्यांनी बर्वेसाहेबांच्या खांद्यावर हात टाकला. “चला मंडळी. पलीकडं तालीम दावतो. लाल माती बघितल्याबिगर कोल्हापूर पुरं हुत न्हाई.” आणि सगळ्यांना घेऊन ते निघून गेले. लातूरचा एक पोरगा मागे वळून बघत होता, त्याची मान त्यांनी एका हातानं सरळ केली.

आम्ही दोघी कट्ट्याच्या दगडावर बसलो. थोड्या वेळानं ती उठली.

“हात धुऊन येते.”

“चल. मी पण येते.”

ती खाली बसली.

म्हशी रवंथ करत होत्या. धनूनं दोन्ही हात मांड्यांखाली दाबून धरले. मग पुन्हा उठली. मीही उठले. पुन्हा बसली. तिला आत काय होत होतं ते मला कळत नव्हतं, आणि कळत नाही हेच त्या दिवशी मला पहिल्यांदा कळत होतं. मी तिच्या पाठीवर हात ठेवला. स्वेटरच्या आत मणके लागले. तिनं हात झटकला नाही, पण मला ती जवळही येऊ देईना.

“मावशी, सोमवारपर्यंत फक्त,” ती हळू म्हणाली. “सोमवारपर्यंत काही बोलू नकोस. मग मी नीट करेन. शपथ.”

“कसं करशील?”

“करेन. थांबवता येतं मला. मी ठरवलं तर येतं.”

“आज ठरवलं नव्हतंस?”

तिनं स्वेटरच्या बाह्या ओढून हात झाकले. मग एकदम म्हणाली, “तिथं दार लावून बाथरूमला पण जाऊ देत नाहीत, मावशी. मी वाचलंय. जेवल्यावर समोर बसून राहतात. तू मला तिथं पाठवशील?”

तेवढ्यात माझा फोन वाजला. उजू. आमच्या घरातल्या बायका फोनवर इतक्या मोठ्यानं बोलतात की स्पीकरची गरज पडत नाही.

“अक्का! काय जादू केलीस गं! ह्यांना फोटो दाखवले, रडायला लागले बघ. दोन डोसे! मी दवाखान्यात फोन करून सांगू ना, सोमवारचं रद्द म्हणून? अगं बोल की. तिला दे ना जरा. धनूला दे.”

धनूनं माझं मनगट धरलं. जोर नव्हताच तिच्यात, पण जेवढा होता तेवढा सगळा लावून. ती मान हलवत होती. ओठांनी, आवाज न करता म्हणत होती, मावशी, मावशी.

मला त्या क्षणी तिनं जे मागितलं असतं ते द्यायचं होतं. कुणी काही मागितलं की देऊन टाकायचं, एवढंच मला येत होतं.

“उजू,” मी म्हणाले. “ते फोटो पुसून टाक.”

“काय?”

“तिनं खाल्लं, पण पोटात काही राहू दिलं नाही. प्रत्येक वेळी. मी ऐकलं. रद्द काही करू नकोस. सोमवारचीही वाट बघू नकोस. सकाळची पहिली गाडी पकड आणि तुम्ही दोघं या. आपल्या हातात राहिलेलं नाही हे.”

पलीकडं उजूचा आवाज बंद झाला. आमच्या उजूचा आवाज बंद झालेला मी त्याआधी एकदाच अनुभवला होता, आण्णा गेले तेव्हा.

धनूनं माझं मनगट सोडलं.

“मला वाटलं होतं, तू माझ्या बाजूची आहेस,” ती म्हणाली. ओरडली नाही. फार थकून बोलली. मग उठली आणि चालायला लागली.

या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. धनूला त्या दवाखान्यात दोनदा राहावं लागलं. पहिल्यांदा काही उपयोग झाला नाही, दुसऱ्यांदा थोडा झाला. इंजिनियरिंग मागे पडलं, नंतर पुरं झालं. माझ्याशी ती किती तरी महिने बोलली नाही. तिकडून फोन आला की उजू बोलायची आणि मागून दार आपटल्याचा आवाज यायचा. बरी झाली असं तिचे डॉक्टर अजूनही म्हणत नाहीत, बरी आहे असं म्हणतात. हल्ली वर्षाकाठी एकदा ती येते, आणि मी भांडी टेबलावर मांडून ठेवते, तिचं ती वाढून घेते. मी तिच्या ताटाकडे बघत नाही. माझी मान त्या वेळी किती दुखते ते आमच्या ह्यांना विचारा.

पण त्या संध्याकाळी यातलं काहीच माहीत नव्हतं. ती पुढं चालली होती आणि मी मागं. हाक मारायचा धीर होत नव्हता. आल्या वाटेनं आम्ही परत चाललो होतो, पेठेत दिवे लागले होते, आणि दोन्ही बाजूंनी हाका येत होत्या. या ताई, या की, गरम हाय, खाऊन तर बघा. ती कुणाकडे बघत नव्हती. तिच्या मागून जाताना मीच प्रत्येकाला हातानं नको म्हणत होते.

पापाच्या तिकटीच्या चौकात सगळ्या बाजूंनी वाहनं आली. धनू कडेला थांबली. मोटरसायकली गेल्या, एक टेम्पो गेला, रस्ता मोकळा झाला. तरी ती थांबलेलीच होती. तोंड पुढंच, वळून बघितलं नाही. मी घाईघाईनं चालत जाऊन तिच्या शेजारी उभी राहिले, तेव्हा तिनं पाऊल उचललं.